जयवंत भावजींच्या स्क्वाड्रनचा इतिहास

आमचे जयवंत भावजी लढाईत होते हे मोरेश्वर वाडीत पहिल्यांदा बोलली ती मीच, आणि पुढचा सगळा घोळ त्यातून झाला, म्हणून आधीच कबूल करून टाकते. नळावर कुणीतरी त्यांना "तो बिनलग्नाचा मेकॅनिक" म्हणालं. मला झोंबलं. सख्खा दीर आहे माझा! मी घागर खाली ठेवली आणि म्हटलं, "मेकॅनिक काय म्हणता? ब्रह्मदेशच्या लढाईत फायटर स्क्वाड्रनमध्ये होते ते!" झालं. संध्याकाळपर्यंत तिन्ही चाळींत बातमी पोचली की पेडणेकरांच्या जयवंताने जपान्यांची अकरा विमानं पाडली. अकरा हा आकडा कुणाच्या सुपीक डोक्यातून निघाला देव जाणे.

भावजींना विचारलं की ते सरळ सांगायचे, "मी एकदाही विमान उडवलं नाही हो. मी फिटर. इंजिनं बघायचो." लोक एकमेकांकडे बघून माना डोलवायचे. "बघा, किती विनय!" माणूस खरं बोलला की त्याला विनय म्हणायचं आणि त्याचं काही ऐकायचं नाही, ही आमच्या अंधेरीची जुनी खोड आहे.

स्क्वाड्रनचा नंबर मी इथे मुद्दामच देत नाही. ती सगळी मोठी माणसं, उगाच वकिलाची नोटीस यायची.

लढाई संपल्यावर भावजी सांताक्रूझच्या विमानतळावर एका हँगरमध्ये लागले आणि आमच्याकडे राहायला आले. माणूस शांत, निर्व्यसनी, खायचे-प्यायचे नखरे नाहीत. एकच खोड. स्क्वाड्रनमध्ये म्हणे प्रत्येक विमानाची एक वही असे. रोज सकाळी इंजिन बघणारा त्यात सही करणार, सांगाडा बघणारा सही करणार, आणि शेवटी वैमानिक त्या सह्या वाचून आपली सही करणार. मगच विमान त्याच्या ताब्यात. सही नाही तर उड्डाण नाही. ठीक आहे, तिकडे शोभतं. पण भावजींनी पहिल्याच आठवड्यात माझ्या स्वयंपाकघरात खिळ्याला वही टांगली! "स्टोव्ह. पिन साफ. वॉशर ठीक. पंप ठीक. ज. पेडणेकर." त्याखाली मी सही करायची आणि मगच काडी ओढायची.

मी खूप आदळआपट केली. पाहुणे पानावर येऊन बसलेत, आणि मी हातातलं पीठ पुसून सही करत्येय! पण आमच्या ह्यांना ती वही इतकी आवडली की विचारू नका. हे सरकारी कचेरीत हेडक्लार्क. रकाने दिसले की ह्यांना भरून येतं. ह्यांनी लगेच लाल शाईने तिसरा रकाना आखला, "पाहिले". तेव्हापासून आमच्या घरी चहाच्या आधणाला तीन सह्या लागायला लागल्या. एकदा हे रत्नागिरीला गेले तर भावजींनी प्रश्न काढला की 'पाहिले' कोण करणार. मी म्हटलं, "मी करते, नाहीतर स्टोव्ह तुमच्या डोक्यात घालते."

पण एका रविवारी दुपारी मी सहज थट्टेत विचारलं, "भावजी, एवढ्याशा स्टोव्हची कसली हो भीती तुम्हाला?" आणि तो माणूस जो बोलायला लागला, तो चहा निवला तरी थांबला नाही. ऐकून मला पुन्हा म्हणून त्या वहीवरून भांडायचं तोंड राहिलं नाही.

त्यांच्या ताब्यात एक हरिकेन विमान होतं. ते 'माझं विमान' म्हणायचे. वैमानिक काय, ते घेऊन जातो आणि आणून देतो. ब्रह्मदेशच्या सीमेवर चिखल तुडवत, मलेरियाचा ताप अंगात घेऊन ही पोरं इंजिनं उघडायची. इंजिन पूर्ण जोरात चालवून बघताना विमानाचं शेपूट वर उचलू नये म्हणून दोघंतिघं त्या शेपटावर आडवे पडायचे, आणि पंख्याचा वारा तोंडावर घ्यायचे. ते विमान उडवायचे नंदकुमार त्रिलोकेकर. पाठारे प्रभूंचा मुलगा, सांताक्रूझचा, बावीस वर्षांचा. सबंध तळावर भावजींशी मराठीत बोलणारे साहेब हे एकटेच. साहेब असले तरी कधी ऐट नाही. सही करताना नेहमी विचारायचे, "जयवंत, बरं आहे ना रे?"

चव्वेचाळीसच्या मार्चमध्ये एका सकाळी भावजींनी तेलाची जाळी काढली तर तिच्यात धातूचे बारीक कण चमकले. म्हणजे इंजिन आतून झिजत होतं. बदलायलाच हवं होतं. पण दुसरं इंजिन नव्हतं, जपानी डोंगरापलीकडे आले होते, आणि फ्लाइट कमांडर जगताप म्हणाले, "एवढ्याने काय होतं? सही कर." भावजींनी एकदा नाही म्हटलं. दोनदा नाही म्हटलं. तिसऱ्यांदा सही केली. नंदकुमारसाहेब आले, त्यांनी सही वाचली, विचारलं, "जयवंत, बरं आहे ना रे?"

"आणि मी म्हटलं, आहे सर."

विमान जमिनीवरून उठलं आणि इंजिन बंद पडलं. अशा वेळी नियम एकच. वळायचं नाही, नाकासमोर सरळ उतरायचं. नाकासमोर भावजींचे तंबू होते, सगळे फिटर, स्वयंपाकी, आजारी पडलेले. साठएक माणसं. नंदकुमारसाहेबांनी विमान वळवलं, ते एका अंगावर कलंडलं आणि खाली आलं. चौकशी झाली. ती जाळी कुठे गेली कुणी विचारलं नाही. नियम मोडून विमान वळवलं, सबब वैमानिकाची चूक, असा निकाल आला. भावजींना कुणी बोट लावलं नाही, कारण वहीत सही होती, सगळं ठीक म्हणून. ते गप्प बसले.

"मी बोललो असतो तर कोर्टमार्शल झालं असतं वहिनी. मी घाबरलो," ते म्हणाले. मी गार चहा पुन्हा तापवायला उठले आणि गुपचूप वहीत सही केली.

इथे आल्यावर ते सांताक्रूझला त्रिलोकेकरांच्या दारात तीनदा गेले. दोनदा फाटकावरून परत आले. तिसऱ्यांदा साहेबांचे वडील, मार्तंडराव, स्वतःच दारात उभे. विचारलं, "कोण पाहिजे?" आणि आमचा हा शूर शिपाई, अकरा विमानं पाडणारा, म्हणाला, "नळ दुरुस्तीवाला." मार्तंडराव म्हणाले, "बरं झालं, या. न्हाणीघरातला गळतोय." बसा! तेव्हापासून सात वर्षं भावजी दर दोन-तीन महिन्यांनी जाऊन त्यांचे नळ, कड्या, बिजागऱ्या दुरुस्त करून यायचे. पैसे घ्यायचे नाहीत. म्हाताऱ्याला वाटायचं, नळवाला जरा वेडसर आहे.

त्या घरात मार्तंडरावांच्या बायकोचा हार घातलेला फोटो होता. मुलाचा नव्हता. एकदा भावजींनी धीर करून विचारलं, तेव्हा मार्तंडराव म्हणाले, "मुलगा होता. सरकारी नोकरीत होता. त्याच्या हातून चूक झाली." एवढंच बोलून ते पाणी आणायला आत गेले.

आता पुढचा घोळ. पंचावन्न साली पावसाळा संपता संपता ह्यांनी पेपरात वाचलं की निवृत्त विंग कमांडर जगताप आपल्या स्क्वाड्रनचा इतिहास लिहितायत. ह्यांनी पेपर खाली ठेवला, चष्मा काढला. मला कळलं, आता समिती नेमणार. हे मोरेश्वर वाडी हितवर्धक मंडळाचे चिटणीस. मंडळाने आजवर वाडीचं हित म्हणजे दोन बाकं आणि एक फळा एवढंच वर्धिलं होतं. रविवारी बैठक झाली, ठराव झाला, पोटसमिती झाली, पोटसमितीची पोटसमिती झाली. ठरलं असं की जगतापसाहेबांच्या पुस्तकाचं प्रकाशन अंधेरीला शाळेच्या हॉलमध्ये करायचं आणि त्याच मांडवात भावजींचा सत्कार. जगतापसाहेब एका पत्रात कबूल झाले. फोर्टात त्यांना कुणी हॉल दिला नसावा.

भावजींचा चेहरा पांढराफटक. ह्यांना म्हणाले, "दादा, सत्कार नको. पण त्या पुस्तकात नंदकुमारसाहेबांचं काय लिहिलंय ते आधी बघ."

"प्रकाशनापूर्वी पुस्तकाची वाच्यता करायची नसते," हे म्हणाले. "पद्धत आहे."

"अरे, पण चूक म्हणून छापलं तर?"

"छापील इतिहासात चूक कशी असेल जयवंता?"

मला वेगळं येऊन म्हणाले, "वहिनी, आतापर्यंत ते एका फायलीत होतं. पुस्तकात आलं म्हणजे कायमचं झालं. त्या म्हाताऱ्याला छापून दाखवणार हे लोक." मी म्हटलं, "मग तुम्हीच लिहा त्या जगतापाला. नाहीतर मी लिहिते." त्यांनी लिहिलं. दोन दिवस खपून एक कार्ड लिहिलं: सर, मी जयवंत पेडणेकर, तुमचा फिटर. तेलाच्या जाळीचं पुस्तकात लिहा. माझ्या सहीचंही लिहा. मी घाबरून केली हे लिहिलंत तरी चालेल.

पंधरा दिवसांनी उत्तर आलं. छापील कार्ड होतं. आपल्या आठवणींबद्दल आभार. खाली पेनने एक ओळ, स्क्वाड्रनच्या कुत्र्याचा, टायगरचा, एखादा चांगला फोटो आपल्यापाशी असल्यास त्वरित पाठवावा.

मी ते कार्ड चुलीत घालणार होते. पण आमच्याकडे चूल नाही आणि स्टोव्हवर जाळायचं तर आधी तीन सह्या, म्हणून वाचलं ते.

मी ह्यांना सगळं सांगणार होते. भावजींनी शपथ घातली. "माझं मला सांगू दे," म्हणाले. आणि सांगितलं मात्र नाही. रोज कामाला जायचे, यायचे, जेवायचे. आमंत्रणपत्रिका छापून आल्या. एक जगतापसाहेबांनी कळवलेल्या पत्त्यावर मार्तंडरावांना गेली, "वीरपिता" असं वर लिहून. ही कल्पना ह्यांची.

जानेवारीतल्या रविवारी संध्याकाळी साडेपाचला समारंभ. हॉल गच्च भरला होता. आमच्या वाडीतले जवळजवळ सगळे पुरुष कुठल्या ना कुठल्या कचेरीत कारकून, त्यामुळे सगळे वेळेच्या आधी हजर, आणि नाव लिहायला दारात वही ठेवली होती तर तिथे रांग. स्टेजवर जगतापसाहेब, पिळदार मिशा, कोटावर पदकं. शेजारी भावजी, ह्यांच्या लग्नातल्या कोटात, हात गुडघ्यांवर ठेवून. पहिल्या रांगेत मार्तंडराव. काळी टोपी, बंद गळ्याचा कोट, मांडीवर आमंत्रणपत्रिका. त्यांनी स्टेजकडे बघितलं, मग डोळे बारीक करून पुन्हा बघितलं. आपला नळवाला वर कसा, हे त्यांना कळेना.

स्वागतपर भाषणं सात झाली. सहाव्या वक्त्याने जपानी विमानांचा आकडा सतरावर नेला. जगतापसाहेब इंग्रजी-मराठीत बोलले आणि चांगलं बोलले, खोटं कशाला सांगू. मेसमधल्या पार्ट्या, कुणी कुणाच्या बुटात बेडूक घातला, टायगर कुत्रा सायरन वाजला की सगळ्यांच्या आधी खंदकात कसा उडी मारायचा. लोक पोट धरून हसले. मी मधल्या वेळात पुस्तक उघडून पाहिलं. कुत्र्याला दोन पानं आणि फोटो. इंजिनं बघणाऱ्या सगळ्यांना मिळून प्रस्तावनेत अर्धी ओळ, "आणि जमिनीवरील कर्मचारी". मी नंदकुमारचं नाव शोधायला पानं उलटू लागले तोवर आमचे हे माइकसमोर उभे राहिले.

"या ग्रंथात," हे म्हणाले, "आपल्या उपनगराला अभिमान वाटावा असं एक पत्र आहे. मूळ इंग्रजी, जगतापसाहेबांनी वाचनासाठी आगाऊ पाठवलं, मी यथामती मराठी केलंय. एका वीरपित्याची निष्ठा कशी असते ते ऐका. आणि हा मसुदा किती रेखीव आहे तेही ऐका."

आणि वाचलं. पुढे मी ते इतक्यांदा वाचलं आहे की मला पाठ आहे.

"महोदय, आपल्या पत्राची पोच देत आहे. माझा मुलगा नंदकुमार याच्या चुकीमुळे सरकारचे एक विमान नष्ट झाल्याचे वाचून मला अत्यंत खेद झाला. माझ्या तीस वर्षांच्या नोकरीत माझ्या हातून सरकारी वस्तूचे नुकसान कधी झालेले नाही. मुलालाही मी तीच शिकवण दिली होती. ती कोठेतरी कमी पडली असावी. त्याच्या वतीने मी सरकारची क्षमा मागतो. तो हयात असता तर त्याने ती स्वतः मागितली असती. आपला आज्ञाधारक सेवक, मार्तंड त्रिलोकेकर."

टाळ्या! काय टाळ्या पडल्या म्हणून सांगू! कारकुनांचा हॉल तो, मसुदा सगळ्यांना पसंत पडला. माझ्या मागचा एक जण शेजाऱ्याला म्हणाला, "'कोठेतरी कमी पडली असावी', वा! काय शब्दयोजना!" मी पुस्तकात ते पान काढलं. प्रकरणाचं नाव होतं, 'हलकेफुलके प्रसंग'. बेडकाच्या आणि कुत्र्याच्या मधे ते पत्र छापलं होतं. मेल्यांनो, पोरगा गेला त्याचा!

मार्तंडराव उठून उभे राहिले आणि टाळ्यांना हात जोडले.

ते हात जोडलेले बघितले आणि भावजी उठले. ह्यांच्या हातातून माइक घेतला. हे म्हणाले, "अरे, तुझं भाषण सत्कारानंतर आहे." भावजी म्हणाले, "दादा, तू खाली बस." आयुष्यात पहिल्यांदा असं बोलले असतील. आणि मग सगळं सांगितलं. जाळी, कण, दोनदा नाही, तिसऱ्यांदा सही. जगतापसाहेबांचं नाव घेतलं, त्यांच्याकडे न बघता. "सही माझी होती," म्हणाले. "साहेबांनी मला विचारलं, बरं आहे ना. मी म्हटलं, आहे. बरं नव्हतं ते मला माहीत होतं."

जगतापसाहेब खुर्चीतूनच म्हणाले, "या तांत्रिक बाबी आहेत. त्या काळी अनेक अफवा होत्या." आणि घड्याळ बघितलं.

मार्तंडराव अजून उभेच होते. त्यांनी खिशातून चष्मा काढून घातला. "तुम्ही आमचे नळवाले ना?"

"हो."

"सात वर्षं घरी येता माझ्या. एवढं सांगायला सवड झाली नाही?"

भावजींनी मान खाली घातली. मला त्यांची कीव आली आणि त्याच क्षणी रागही आला, दोन्ही खरं.

मग म्हाताऱ्याने विचारायला सुरुवात केली, अगदी कचेरीत विचारतात तसं. "इंजिनात दोष आढळला तो उड्डाणापूर्वी?"

"उड्डाणापूर्वी."

"वरिष्ठांना कळवलात?"

"तोंडी कळवलं. लेखी मात्र ठीक म्हणून सही केली."

"समोर सरळ का नाही उतरला नंदू?"

"समोर आम्ही होतो. आमचे तंबू. साठ माणसं होती. मी त्यातच उभा होतो. सरळ उतरले असते तर साहेब कदाचित वाचले असते."

"म्हणजे त्याच्या हातून चूक झाली नाही."

"नाही," भावजी म्हणाले. त्यांना रडू फुटलं होतं. "नाही हो, काही चूक झाली नाही त्यांच्या हातून."

मार्तंडरावांची आमंत्रणपत्रिका हातातून खाली पडली ती त्यांनी उचलली नाही. मग चष्मा काढला, स्टेजवरच्या सगळ्यांकडे, मग मागे वळून हॉलकडे पाहिलं, आणि कुठल्याही कचेरीच्या खिडकीपाशी उभ्या असलेल्या माणसासारखं अदबीनं विचारलं, "मग ते माझं पत्र परत घ्यायचंय. त्याचा अर्ज कोणाकडे करायचा?"

त्या हॉलमध्ये आमच्या ह्यांना धरून निदान शंभर कारकून बसले होते, जन्मभर अर्जांतच काढलेले. एकालाही सांगता आलं नाही.